बुधवारची कोलंबी

आज बुधवार, म्हणजे आमच्याकडे हक्काचा मासळीचा दिवस. ऑफिसातून येताना स्टेशनबाहेरच्या मावशींकडे मध्यम कोलंबी छान ताजी दिसली. अर्धा किलो घेतली. मावशींनी सोलून दिली, डोकी मात्र मी मागून घेतली. खरी चव त्यांच्यातच असते!

घरी येऊन पाठीतला काळा दोरा काढला, हळद, मीठ आणि कोकमाचं आगळ चोळून ठेवली. तोवर कुकरला भात. तेलात ठेचलेला लसूण भरपूर, सालासकट. कांदा नाही, टोमॅटो तर नाहीच. मग मालवणी मसाला, कोलंबी आणि मोठी आच. तीन-चार मिनिटांत ती गुलाबी होऊन वळली की गॅस बंद. लोक दहा-पंधरा मिनिटं परतत राहतात, कोलंबी चिवट होते, तेव्हा जीव तुटतो माझा.

डोकी थोड्या पाण्यात उकळून, दाबून गाळली. त्या पाण्यात नारळाचं दूध, हिरवी मिरची, दोन आमसुलं. लेकीने भाताआधीच वाटीभर पिऊन टाकलं आणि परत मागितलं. इतकं बरं वाटलं!

तुमच्याकडे कोलंबीला कोकम लावतात की चिंच? नक्की सांगा, शुक्रवारी पुन्हा आणणार आहे.