नदी कोणत्या महिन्यात येते?

‘संस्कृती नदीकाठी जन्मल्या’ हे वाक्य शाळेत आपण सगळ्यांनीच पाठ केलंय. मला ते नेहमी अर्धवट वाटतं. माझं बालपण धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यात, पांझरा नदीच्या काठावर गेलं. तिथल्या पोरालाही ठाऊक असतं, की नदी गावाजवळून वाहणं वेगळं आणि तिचं पाणी वावरात येणं वेगळं. पाणी कोणत्या महिन्यात येतं आणि काठ किती उंच आहे, या दोन गोष्टी कळल्या की तिथला माणूस कधी पेरत होता, कधी रिकामा होता आणि कुणाशी भांडत होता, हे बरंचसं उलगडतं.

इजिप्तचंच घ्या. नाईलचा पूर म्हणजे मुळात इथिओपियाच्या डोंगरांतला पाऊस. आपल्याकडे मृग-आर्द्रा बरसतात, त्याच दिवसांत तिकडेही पाऊस कोसळतो. ते पाणी वाळवंट ओलांडून इजिप्तच्या शेतांत पसरायचं जुलै-ऑगस्टमध्ये, आणि ऑक्टोबरपर्यंत ओसरायचं. मागे गाळ आणि भरपूर ओल. लगेच गहू-जव पेरायचे, उन्हाळ्याच्या तोंडाशी कापायचे, की पुन्हा पूर यायच्या आत खळं मोकळं. इतकी सोयीची नदी जगात दुसरी नसेल! त्यांनी वर्षाचे तीनच ऋतू केले होते : अखेत म्हणजे पुराचा, पेरेत म्हणजे पेरणी-उगवणीचा आणि शेमू म्हणजे सुगीचा. नदीच्या पाण्याची उंची मोजायला दगडी पायऱ्या बांधल्या होत्या. पाणी किती पायऱ्या चढलं यावरून यंदा धान्य किती पिकेल आणि सारा किती घ्यायचा, याचा अंदाज बांधला जाई. १९७० साली आस्वानचं मोठं धरण पूर्ण झालं आणि हजारो वर्षं न चुकता येणारा तो पूर थांबला.

आता तैग्रिस-युफ्रेटिस बघा, आजच्या इराकमधल्या नद्या. तिथलं पाणी मुख्यतः उत्तरेकडच्या डोंगरांतल्या बर्फाचं. बर्फ वितळून नद्या फुगायच्या एप्रिल-मे महिन्यात, म्हणजे जव कापणीला आलेला असताना. आणि पेरणीच्या वेळी, ऑक्टोबर-नोव्हेंबरात, नदी आटलेली. नको तेव्हा पूर आणि हवं तेव्हा टंचाई. सुमेरच्या, म्हणजे या नद्यांच्या दक्षिण खोऱ्यातल्या, शेतकऱ्याचं सगळं आयुष्य बांध घालण्यात, पाट खोदण्यात आणि पाटातला गाळ उपसण्यात गेलं ते या उलट्या वेळापत्रकामुळे. लगाश आणि उम्मा ही दोन शेजारची नगरं सीमेवरच्या सुपीक जमिनीसाठी आणि तिच्या पाटांसाठी पिढ्यान्‌पिढ्या लढली, इ.स.पू. २५०० ते २३५०च्या सुमारास. भर म्हणजे पाणी साचून जमिनी खारवल्या, तसा गहू मागे पडला आणि खारं सोसणारा जवच वाढत गेला. म्हणजे ताटातली भाकरसुद्धा नदीने बदलली.

बाबिलोनच्या हमुराबी राजाच्या कायद्यात, इ.स.पू. १७५०च्या सुमाराचा हा कायदा, ५३वं कलम आहे : ज्याने आळसापोटी आपला बांध धड राखला नाही आणि त्यातून पाणी सुटून दुसऱ्यांची शेतं बुडाली, त्याने बुडालेलं धान्य भरून द्यायचं. पुढच्याच कलमात म्हटलंय, की देता आलं नाही तर त्याला आणि त्याच्या चीजवस्तूंना विकून पैसे वाटून घ्यावेत. हे वाचलं तेव्हा मला आमचे आबा आठवले, कारण आबा फडाचे पाटकरी होते.

खानदेशाबाहेरच्या वाचकांसाठी फड म्हणजे काय ते सांगते. पांझरा, मोसम या नद्या सह्याद्रीतून उतरतात. उतार चांगला, पात्र आटोपशीर, तळाशी जागोजागी काळा खडक. त्या खडकावर दगडी बंधारा बसवायचा, बाजूने पाट काढायचा आणि पाणी आपल्या उताराने चाऱ्यांतून शेतात न्यायचं. बंधाऱ्याखालची सगळी भिजणारी जमीन म्हणजे थळ, आणि थळाचे मोठाले तुकडे म्हणजे फड. एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं, मालक किती का असेनात. एका फडात ऊस, दुसऱ्यात दुसरं पीक, आणि पुढच्या वर्षी पाळी बदलायची. किमान तीन-चारशे वर्षं ही पद्धत चालत आलीय.

यातली मला सर्वांत मोलाची वाटणारी गोष्ट ही, की शेतकऱ्याने स्वतः पाणी घ्यायचंच नाही. पाणी भरायचा पाटकरी. त्याच्यावर देखरेख हवालदाराची, आणि पिकात ढोरं शिरू नयेत म्हणून जागल्या. या सगळ्यांना मेहनताना धान्यात. वावर पाटलाचं असो की विधवेचं, पाटकरी क्रमाने येणार आणि वाफा भरला की पुढे जाणार. आबा फावड्याने दारं फोडायचे-बांधायचे, ते मी बांधावर बसून बघत असे. दोन फावडी माती इकडची तिकडे, आणि पाणी वळायचं. ‘पाट उना का?’, म्हणजे पाट आला का, असं लोक लांबून ओरडून विचारायचे, आणि आबांचं उत्तर एकच : हात वर. बाबिलोनला ज्यासाठी राजाचा कायदा लागला, ते इथे गावाच्या रिवाजावर निभावलं याचा मला मनापासून अभिमान आहे.

मग थोरली नदी तापी असताना बंधारे पांझरेवर का? तिचा काठ बघितलेल्याला हे विचारावं लागत नाही. गाळाच्या उंच दरडी, जागोजागी पाण्याने कोरलेल्या घळी, आणि पाणी पार खाली. माणसं मात्र तिच्या काठाने फार पूर्वीपासून राहिलीत. तापी-गोमाईच्या संगमावर प्रकाशे आहे. तिथल्या पांढरीत, म्हणजे जुन्या वस्तीच्या टेकाडात, १९५४-५५ साली बी. के. थापर यांनी उत्खनन केलं, तेव्हा तळाशी ताम्रपाषाण काळातली वस्ती निघाली. गिरणेकाठी चाळीसगाव तालुक्यातलं बहाळ तसंच. नदी त्यांना प्यायला, मासळीला, ढोरांना होती. पिकाला पाणी पुरवायची ती काळी माती. लाव्ह्याच्या खडकाची झीज होऊन झालेली ही जमीन पावसाळ्यात पाणी धरून ठेवते आणि थंडीत हळूहळू देते. आजही आमच्याकडे दादर, म्हणजे रब्बीची ज्वारी, अशीच पिकते, वरून पाण्याचा थेंब न देता, निव्वळ ओलीवर. नाईलचा पूर जे काम करायचा, ते इथे मातीच्या पोटात होतं. आणि ज्वारी-बाजरी या दोन्ही मूळच्या आफ्रिकेतल्या, सुमारे चार हजार वर्षांपूर्वी इकडे आलेल्या. आपल्या मातीने त्यांना असं पोटाशी धरलं, की आज खानदेशी जेवणाची त्यांच्याशिवाय कल्पनाच करवत नाही.

घराचंही तसंच. धुळ्याकडे पाऊस बेताचा, म्हणून आमच्याकडे धाब्याची घरं. लाकडी सरे, वर काड्यांचा थर, त्यावर चोपून बसवलेली माती, आणि दर वर्षी मृगाच्या आधी वरून खाऱ्या मातीचा नवा थर. उन्हाळाभर त्याच धाब्यावर मिरच्या, कुरडया वाळतात आणि रात्री माणसं झोपतात. सुमेरमध्ये घरं कच्च्या विटांची. वर खजुराची खोडं, बोरूच्या चटया आणि माती. आमच्या धाब्याचीच जात. कोकणात असं छप्पर एक पावसाळा टिकणार नाही.

आज तापीच्या दरडीची उंची कुणाला अडवत नाही. मोटारी आल्या, पाइप आले, आणि रावेर-यावलची केळी विहिरी-बोअरच्या पाण्यावर उभी राहिली. बऱ्याच थळांत फड मोडले, कारण ज्याची विहीर त्याचं पाणी. पण विहिरीवर मोटार चालते ती वीज असेल तेव्हा, आणि शेतीची वीज बऱ्याच ठिकाणी एक आठवडा दिवसा असते, एक आठवडा रात्री. माझा मामेभाऊ थंडीच्या दिवसांत रात्री बारानंतर बॅटरी आणि काठी घेऊन गव्हाला पाणी भरायला जातो. विंचू-सापाची भीती असते, आता बिबट्याचीही. त्याचं जेवण, झोप, लग्नकार्याला जाणं-न जाणं, सगळं त्या आठवड्याच्या पाळीवर ठरतं.

फडात रात्रीचं पाणी पाटकरी भरायचा. आता ज्याचं वावर त्यालाच जावं लागतं.