नालंदा: ग्रंथालय बघायला जाऊ नका

आधीच सांगून ठेवतो. नालंदाच्या अवशेषांत 'हेच ते ग्रंथालय' असं खात्रीनं दाखवता येईल अशी एकही वास्तू नाही. खोदून काढलेले अकरा विहार (भिक्षूंचे मठ) आहेत, सहा मंदिरं आहेत. त्यातलं एकही ग्रंथालय म्हणून ओळखलं गेलेलं नाही. हे मला पुण्याहून पाटण्यापर्यंत रेल्वेत अंग आंबवून घेतल्यावर, वर मार्चअखेरच्या उन्हात तीन तास भाजून निघाल्यावर कळलं.

गाइडनं एका विहाराच्या अंगणात उभं करून सांगितलं, "यही लाइब्रेरी है सर, नौ मंज़िला, छह महीने जलती रही." समोर विहीर, चुली, सांडपाण्याची नाली. मी भक्तिभावानं फोटो काढले. तासाभरानं दुसरा गाइड दुसऱ्या घोळक्याला भलत्याच विहारात तेच वाक्य ऐकवत होता, तेव्हा डोक्यात उजेड पडला. ग्रंथालयाची नऊ मजली इमारत रत्नोदधी आणि ग्रंथालय-परिसराचं धर्मगंज हे नाव तिबेटी परंपरेतून येतं, आणि तेही नालंदा ओसाड पडल्यावर कित्येक शतकांनी लिहिलेल्या ग्रंथांतून. जागेवर उभं राहून बोट दाखवावं असं त्यात काही नाही. गाइड घेऊ नका. घेतलाच तर पैसे आधी ठरवा आणि ग्रंथालयाचा विषय काढू नका.

आता खरा वैताग. पाटणा ते राजगीर रेल्वे बख्तियारपूर, बिहारशरीफवरून जाते आणि नालंदा स्टेशनही लागतं. तो भाग सोपा आहे. मी शहाणपणा करून बसनं गेलो आणि हमरस्त्यावर नालंदा मोडला उतरलो. तिथून अवशेष दोन-अडीच किलोमीटर. टमटमवाल्यानं, म्हणजे टांगेवाल्यानं, चारशे मागितले. घासाघीस करून अडीचशेवर आला आणि मी विजयी मुद्रेनं चढून बसलो. परत येताना एका गावकऱ्यासोबत शेअर ई-रिक्षात बसलो, तर वीस रुपये. ते दोनशे तीस रुपये मला अजून झोपेत आठवतात. सामान पाठीवर असेल तर सरळ चाला. रस्ता सपाट आहे; सिंहगड चढणाऱ्याला तर तो रस्ताच वाटणार नाही.

आणखी एक घोळ. या टापूत तीन नालंदा आहेत. एक अवशेष. दुसरं त्यांच्या जवळचं नव नालंदा महाविहार, 1951 साली भिक्षू जगदीश काश्यप यांनी सुरू केलेलं. तिसरं राजगीरचं नवं नालंदा विद्यापीठ, ज्याच्या संकुलाचं उद्घाटन 2024 मध्ये झालं. नुसतं "नालंदा युनिव्हर्सिटी" म्हणालात तर रिक्षा राजगीरला निघेल. "खंडहर" म्हणा.

शुक्रवारी जाऊ नका, त्या दिवशी संग्रहालय बंद असतं. लॉजवाल्यानं "सब खुला है" म्हणून ठोकून दिलं, म्हणून मला राजगीरहून बारा किलोमीटर पुन्हा शनिवारी यावं लागलं. जळून काळा पडलेला तांदूळ तिथेच ठेवलाय. आग लागली होती, त्यात शंका नाही. फक्त ती एकदाच लागली असं समजू नका. पाल राजा महीपालाच्या अकराव्या राज्यवर्षातला एक शिलालेख सांगतो की आगीत गेलेलं मंदिर पुन्हा उभारलं. म्हणजे शेवटच्या हल्ल्याच्या दोनेकशे वर्षं आधी इथे एक आग लागून विझलीही होती.

तो शेवटचा हल्ला तुर्की सेनानी बख्तियार खिलजीचा मानतात. त्याचं जे वर्णन सगळे देतात, ते तेराव्या शतकातला इतिहासकार मिन्हाज-ए-सिराज याचं. त्यात मुंडन केलेल्या सगळ्यांना ठार मारलं, मग पुष्कळ पुस्तकं सापडली आणि ती वाचून दाखवायला कुणी जिवंत उरलं नव्हतं, असं आहे. अंगावर काटा येतो. पण त्यात नालंदाचं नाव नाही, जागेचं नाव 'बिहार' आहे, आणि अभ्यासक ती जागा उदंतपुरी हा दुसरा महाविहार, म्हणजे आजचं बिहारशरीफ, मानतात. सहा महिन्यांची आगही त्यात नाही. नालंदावर घाव पडलाच. 1235 च्या सुमारास तिबेटी भिक्षू धर्मस्वामी इथे आला तेव्हा नव्वदी ओलांडलेले राहुल श्रीभद्र सत्तरेक विद्यार्थ्यांना शिकवत होते. सातव्या शतकातल्या चिनी भिक्षू इत्सिंगच्या काळात इथे तीन हजारांवर भिक्षू राहत होते!

मग ग्रंथालय गेलं कुठे? याचं उत्तर मला क्रमांक एकच्या विहारात मिळालं, गाइडला कटवून एकटा सावलीला बसलो होतो तेव्हा. 1921 मध्ये हीरानंद शास्त्रींना याच विहारात पाल राजा देवपालाचा ताम्रपट मिळाला. सुवर्णद्वीपाच्या (आजच्या सुमात्राच्या) राजा बालपुत्रदेवानं इथे विहार बांधला आणि त्याच्या विनंतीवरून देवपालानं पाच गावं दान दिली. उत्पन्न कशासाठी? भिक्षूंचं अन्न, वस्त्र, औषध, विहाराची डागडुजी, आणि ग्रंथ लिहून घेणं. ताडपत्राला गंगेकाठचा पावसाळा झेपत नाही. ते दर काही पिढ्यांनी नव्यानं उतरवावं लागतं. गावांचा महसूल थांबला, लेखनिक गेले, की आग न लागताही ग्रंथालय संपतं. ही एक गोष्ट कळली म्हणून टमटमचे अडीचशे माफ. (पूर्ण नाही.)

उतरवलेल्या प्रती मात्र बाहेर पडल्या होत्या. ह्युएन त्सांगनं भारतातून 657 ग्रंथ चीनला नेले; वाटेत सिंधू ओलांडताना पन्नासेक हस्तलिखितं पाण्यातही गेली होती. नालंदात लिहिलेली अष्टसाहस्रिका प्रज्ञापारमिता या बौद्ध ग्रंथाची एक प्रत ऑक्सफर्डला आहे, एक कोलकात्याच्या एशियाटिक सोसायटीत. अक्षर बघायचं असेल तर तिकडचं तिकीट काढा.

अवशेषांना सकाळी उघडताच आत शिरा, अकराच्या आत बाहेर पडा. विटा तापतात, सावली फारशी नाही, दोन लिटर पाणी एकाला पुरत नाही. राजगीरचा रोपवे, शांतिस्तूप वगैरे बघितलं, छान आहे. सिलावचा खाजा सिलावलाच घ्या, गरम. बिहारशरीफच्या टेकडीवर मात्र मी चढलो. वर मलिक इब्राहीम बयाची कबर आहे, खाली दाट वस्ती. उदंतपुरी कुठे म्हणून एका चहावाल्याला विचारलं, तर त्यानं विचारलं, "ट्रेन का नाम है?"