सत्तर मीटरवरून सुरय

बेळगावात ‘वेंगुर्ला’ म्हटलं की कुणाच्या डोळ्यांपुढं समुद्र येत नाही, रस्ता येतो. हिंडलग्याच्या गणपतीला जायचं, वेंगुर्ला रोड. सुळग्याच्या पाव्हण्यांकडं जायचं, वेंगुर्ला रोड. या रस्त्याच्या पहिल्या पंधरा किलोमीटरवर माझं अर्धं आयुष्य गेलं असेल, पण ज्या गावाचं नाव त्याला मिळालंय तिथं मी पन्नाशी येईपर्यंत दोनदाच गेलो होतो, तेही मासे खायला. एके काळी तेच बेळगावचं बंदर होतं. कॅम्पातल्या पलटणीचं सामान वेंगुर्ल्याला उतरायचं आणि घाट चढून वर यायचं. मग रेल्वे मुरगावला गेली, माल तिकडं वळला आणि आमच्याकडं उरलं ते रस्त्याचं नाव.

तर यंदा मेच्या शेवटच्या आठवड्यात मी त्या रस्त्याच्या टोकाला गेलो, आणि टोकाच्याही पुढं समुद्रात चौदा-पंधरा किलोमीटर. वेंगुर्ला रॉक्सवर. म्हणजे ‘वर’ नाही. ते पुढं येईलच.

पक्षी बघणारे आम्ही चौघं: मी, बँकेतून रिटायर झालेले शेजारचे अण्णा, खानापूरला शाळेत शिकवणारी माझी बहीण आणि तिचा कॉलेजात जाणारा मुलगा. दर हिवाळ्यात आमची वारी गोकाक तालुक्यात, धुपदाळच्या बंधाऱ्यावर. घटप्रभा पक्षी अभयारण्य १९७४ सालचं, बंधारा मात्र इंग्रजांच्या काळातला. तिथं कांड्या करकोच्यांचे थवे बघायचे, दुपारी झाडाखाली डबे सोडायचे, येताना गोकाकचा करदंट घ्यायचा. नदी सुरय हा पक्षीही ओळखीचा. पण जे पक्षी जमिनीला फक्त अंडी घालण्यापुरते टेकतात, बाकीचं वर्ष भर समुद्रात काढतात, ते आम्ही कधी पाहिलेच नव्हते.

दोन वर्षांपूर्वी एक प्रयत्न झाला होता. मोबाइलवर जाहिरात आली, ‘पक्ष्यांच्या बेटावर उतरा, घरट्यांपर्यंत चालत जा, फोटो काढा.’ आम्ही निम्मे पैसे भरले. निघायच्या आदल्या रात्री निरोप आला, समुद्र खराब आहे. पैसे काही परत आले नाहीत. त्या दिवशी वेंगुर्ल्यात समुद्र कसा होता ते आम्हाला माहीत नाही; अण्णा मात्र अजून विचारतात, “समुद्र खराब हुता, का मानूस?”

या खेपेला बहिणीनं दुसरा गाइड शोधला. तिकडचाच पोरगा, पक्ष्यांच्या नोंदी ठेवणारा. फोनवर पहिलंच वाक्य त्यानं टाकलं, “बेटावर उतरवणार नाही. चालत असेल तर या.” अण्णा म्हणाले, “मग पैसे कसले देतोस रे, वाऱ्याचे?” खरं सांगायचं तर माझ्याही मनात तेच होतं. इतक्या लांब जाऊन होडीतूनच माघारी फिरायचं, म्हणजे जेवणावळीत जाऊन पंगतीचा फोटो काढून येण्यासारखं.

रात्री दोनला निघालो. टाकी हिंडलग्याला फुल्ल केली, कारण शिनोळी ओलांडली की पेट्रोल महाग. बाचीपर्यंत पाट्या कन्नडमध्ये, शिनोळीपासून मराठीत. बोलणं दोन्हीकडं तेच. पाटणे फाटा, चंदगड, मग आंबोली. आंबोलीच्या अलीकडं धुक्यात एक गवा रस्त्याच्या मधोमध उभा. हॉर्न नाही, दिवा कमी-जास्त करणं नाही, आम्ही गप्प बसून राहिलो. पाच मिनिटांनी त्यानं आमच्या केए-२२कडं एकदा बघितलं आणि खाली दरीत उतरून गेला. दाणोली, सावंतवाडी, वेंगुर्ला. बंदरावर पोचलो तेव्हा नुकतं उजाडत होतं.

होडीचा तांडेल साठीचा असेल. त्यानं आधी आमच्या अंगात लाइफ जॅकेटं घातली, मग अण्णांच्या हातातली प्लॅस्टिकची पिशवी काढून घेऊन खाली दडपली. “ही वाऱ्यान गेली काय पाखरांच्या गळ्यात.” १ जूनपासून दोन महिने यांत्रिक होड्यांची मासेमारी बंद, त्याच्या आधीचे हे शेवटचे दिवस. लाटा अजून फुटत नव्हत्या, पण खालून पाणी असं उचलत होतं की कुणीतरी चादरीखाली गुडघे वर घेतोय. बहिणीनं आलेपाकाच्या वड्या वाटल्या. अर्ध्या तासात मला उलटी झाली. अण्णांना काहीच झालं नाही, आणि ही गोष्ट ते आता जन्मभर सांगणार.

वेंगुर्ला रॉक्स म्हणजे एक बेट नव्हे. दक्षिणोत्तर चार-पाच किलोमीटरच्या पट्ट्यात विखुरलेले वीसेक लहान-मोठे खडक. जुन्या आरमारी नकाशांत यांचं नाव ‘बर्न्ट आयलंड्स’, जळकी बेटं. एकावर दीपगृह आहे. झाड म्हणावं असं काही दिसत नाही. लांबून काळे दिसणारे खडक जवळ गेल्यावर वरून पांढरे निघाले, चुन्याची बादली उपडी केल्यासारखे. आणि डोळ्यांच्या आधी नाकाला कळलं. कोंबड्यांच्या खुराड्यात कुणी सुकट वाळत घातलं तर जो येईल तो वास.

खडकापासून सत्तरेक मीटरवर गाइडनं हात वर केला आणि तांडेलानं इंजिन बंद केलं. तोवर इंजिनाखाली दडलेला आवाज एकदम अंगावर आला. शेकडो पक्ष्यांचा. गोड वगैरे अजिबात नाही. कर्कश, तुटक, शाळेची मधली सुट्टी झाल्यासारखा. पिवळ्या चोचीचे मोठे तुरेवाले सुरय डोक्यावरून जात होते, पण आम्ही आलो होतो ते दुसऱ्यासाठी. इंग्रजीत ब्रायडल्ड टर्न. टर्नला मराठीत सुरय. चोचीपासून डोळ्यापर्यंत काळी रेघ, घोड्याच्या लगामासारखी, म्हणून भाच्यानं तिथल्या तिथं ‘लगामी सुरय’ असं बारसं उरकलं. पाठ गडद तपकिरी, पोट पांढरं, शेपटी खोल दुभंगलेली. अंडी घालायच्या दिवसांपुरता हा पक्षी खडकावर येतो. एरवी किनाऱ्यापासून लांब. पाण्यावर तरंगणारा ओंडका मिळाला की त्यावर बसून विसावा घेतो. तांडेल म्हणाला, लांबच्या पाण्यात जाळी टाकायला गेलं की ओंडक्यावर हीच पाखरं ओळीनं बसलेली दिसतात, आणि त्या ओंडक्याखाली मासेही असतात.

पहिली दहा मिनिटं मला काहीच धड दिसलं नाही. होडी हलते, दुर्बीण हलते, पक्षी हलतो. मी दर वेळी नुसतं आभाळ पकडत होतो. “काय करालास मामा? वर नको बघूस. दगडाच्या खाली बघ की!” भाच्यानं माझी कोपरं होडीच्या काठावर टेकवून दिली.

दगडाखाली बघितलं. पुढं आलेल्या एका कपारीखाली सावलीचा वीतभर तुकडा, आणि त्या सावलीत एक पांढरी भुवई. नुसती भुवई. मग हळूहळू डोळा, चोच, छातीचा पांढरा गोल. हा पक्षी एका वेळी एकच अंडं घालतो आणि उघड्यावर नव्हे, कपारीत, दगडाच्या आडोशाला. सावली सरकेल तसा तो बोट-दोन बोटं आत सरकत होता. बराच वेळ काही घडलं नाही. मग दुसरा उडत आला, कपारीच्या तोंडाशी उतरला, मान वर-खाली केली. आतला उठला. दोघं क्षणभर अंगाला अंग लावून उभे, आणि त्यांच्या पायांच्या मधून मला ते दिसलं: मळकट, ठिपक्यांचं, आजूबाजूच्या खडीतून वेगळं काढता येऊ नये असं एक अंडं. आलेला आत बसला, बसताना पोटाची पिसं दोनदा हलवून घेतली. उठलेला बाहेर येऊन थेट समुद्रावर गेला. आमच्या डोक्यावरूनच गेला. दोघंही आळीपाळीनं उबवतात, असं गाइड मागून हळूच सांगत होता. मला तेव्हा सांगायची गरज नव्हती.

मग गरुड आला. पांढऱ्या पोटाचा समुद्र गरुड, दीपगृहाच्या बाजूनं, पंख न हलवता. तो खडकावर यायच्या आधीच अख्खा थवा एका झटक्यात वर. आवाज असा की बहिणीनं कानांवर हात घेतले. कपारी रिकाम्या झाल्या. काही सुरय गरुडाच्या पाठीमागं लागले, वरून टोचायला झेपावत राहिले, आणि तो इतका मोठा प्राणी वैतागून वळला आणि निघून गेला. तीन-चार मिनिटांत पक्षी खाली आले. आमची भुवई परत आपल्या सावलीत.

गाइड म्हणाला, “गरुड तीन मिनिटांत गेला. तुम्ही उतरला असता तर अर्धा तास फिरला असता.” तांडेलानं पुढं जोडलं, “तेवड्या येळात उनान अंडा शिजता.” अण्णांनी मान हलवली. पैसे कसले, हा प्रश्न त्यांनी त्यानंतर काढला नाही.

पाकोळ्यांची, म्हणजे इंग्रजीत स्विफ्टलेट म्हणतात त्या लहान पक्ष्यांची, गुहा दुसऱ्या खडकात आहे. होडी आणखी लांब थांबवली, कारण तिथं पाणी आत ओढतं. खडकात उभी चीर, आत काळोख, आणि चिरेतून लहान तपकिरी पाकोळ्या फेकल्यासारख्या बाहेर पडत होत्या. जाणाऱ्या आणि येणाऱ्या एकमेकींना चाटून जातात, धडकत मात्र नाहीत. आत गडद अंधारात या पाकोळ्या तोंडानं टक-टक आवाज काढतात आणि त्याच्या प्रतिध्वनीवर वाट काढतात. आपल्या कानांना ऐकू येईल असा तो आवाज असतो, वटवाघळांसारखा कानापलीकडचा नाही. होडीतून आम्हाला अर्थात लाटांशिवाय काही ऐकू आलं नाही. बहिणीला मात्र एकदम माहेर आठवावं तसं तिचं खानापूर आठवलं. भीमगडच्या रानात बारापेड्याच्या गुहा आहेत, तिथल्या रॉटनच्या वटवाघळाची नोंद १९१३ साली झाली आणि पुढं कित्येक वर्षं जगात ते त्या एकाच ठिकाणी माहीत होतं. “आमच्याकडं वटवाघळं, इथं पाखरं. अंधारात चालायची युक्ती एकच,” ती म्हणाली.

या पाकोळीचं घरटं तिच्या लाळेचं असतं. लाळ वाळून घट्ट होते, तिच्यात पिसं, शेवाळ मिसळलेलं. गुहेच्या भिंतीला चिकटवलेली अर्धी वाटी. त्यात दोन अंडी. चीनकडं अशा घरट्यांचं सूप करतात आणि त्याला सोन्यासारखा भाव असतो. इथली घरटी खरवडून नेण्याचा धंदा चालू होता. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेनं २००१च्या सुमारास तो उघडकीला आणला, वनखात्याच्या मदतीनं थांबवला आणि नंतर वर्षानुवर्षं गुहेवर नजर ठेवली. मी तांडेलाला विचारलं, तुम्हाला माहीत होतं का? त्यानं सुकाणूवरचा हात न काढता सांगितलं, “म्हायत नसूक काय? होडी कोनाची जायत व्हती?” एवढंच. कुणाची ते बोलला नाही, आणि मीही खणलं नाही. थोड्या वेळानं आपणहून म्हणाला, एकदा काढलेल्या घरट्यांच्या ढिगात पिल्लू वळवळताना बघितलं, मग परत गेलो नाही. यावर गाइड पोरगा समुद्राकडं बघत राहिला. या दोघांचं नातं काय ते मला दिवसभर कळलं नाही. उतरताना त्यानं तांडेलाला ‘आजा’ म्हणून हाक मारली तेव्हा कळलं.

परत येताना वारा समोरून होता, सगळे नखशिखांत भिजलो. बंदरावर बांगड्याचं तिखलं आणि भात. माझं पोट ठिकाणावर नव्हतं तरी दोनदा भात घेतला. जाणार असाल तर दोनच गोष्टी सांगतो: न्याहारी करून होडीत चढू नका, आणि फोनवर ‘उतरवतो’ म्हणणाऱ्याला पैसे देऊ नका.

माझ्या मोबाइलमध्ये एकूण त्रेसष्ट फोटो निघाले. घरी बायकोनं ते सगळे बघितले, मोठे करून, तिरके करून. “यात दगडच हायत की सगळे.” मी चष्मा लावून सदतिसावा फोटो काढला, कपारीवर बोट ठेवलं. तिनं डोळ्याजवळ नेला, लांब धरला, परत जवळ नेला.

“थांब,” ती म्हणाली. “भुवई हाय काय ती?”