रेवदंड्याच्या कोटातून पायी

रेवदंडा, पौष महिना, रात्र

अलिबागहून मुरूडकडे जाणारा रस्ता रेवदंड्याच्या तटबंदीला छेदून गावात शिरतो. एसटीच्या खिडकीतून ती काळी भिंत क्षणभर दिसते आणि लगेच बाजारपेठ सुरू होते, त्यामुळे आपण एका जुन्या पोर्तुगीज शहराच्या आत आलो आहोत हे ध्यानात येण्यापूर्वीच माणूस साळावच्या पुलावर पोहोचलेला असतो. आज मात्र आम्ही सकाळपासून दुपारपर्यंत हाच कोट पायी फिरलो. तो दाखवणारे गृहस्थ कोटातच जन्मलेले, कोटातच स्वतःची वाडी राखून असलेले निवृत्त शिक्षक होते. गावात सगळे त्यांना गुरुजी म्हणतात. तासाभरात आम्हीही तसेच म्हणू लागलो.

गुरुजींनी आरंभ दरवाजापासूनही केला नाही आणि बुरुजापासूनही केला नाही. त्यांनी आम्हांला आधी खाडीच्या मुखाशी नेले आणि म्हणाले, "मंडळी, आधी पाणी बघून घ्या. दगड कुठे पळून जात नाहीत." ओहोटी लागली होती. रोह्याकडून येणारी कुंडलिका इथे समुद्राला मिळते, आणि पलीकडच्या काठावरचा कोर्लईचा डोंगर थेट समुद्रात शिरलेला आहे. हा डोंगर नैर्ऋत्येच्या वाऱ्याला आणि लाटांना आडवा येतो, म्हणून त्याच्या आडोशाला गलबते निर्धास्त नांगरता येत असत. मागे खाडीतून रोह्यापर्यंत होड्या जात आणि तिथून पुढे घाट चढून माल देशावर पोहोचत असे. एवढे समजल्यावर चौलचे (आजचे रेवदंडा हा त्याचाच एक भाग) बंदर इथेच का वसले आणि इतकी शतके का टिकले, हे निराळे सांगावे लागले नाही. प्राचीन भूगोलकार टॉलेमीने उल्लेखिलेले सिमुल्ला ते हेच, असे मानले जाते. अरब प्रवासी अल् मसूदी दहाव्या शतकाच्या आरंभी, शिलाहार राजा झंझ याच्या काळात, इथे आला तेव्हा त्याने या गावाला सैमूर म्हटले आणि येथील मुसलमान व्यापाऱ्यांच्या मोठ्या वस्तीचे वर्णन करून ठेवले.

रशियातील त्वेर नगराचा व्यापारी अफनासी निकितीन याच्याविषयी गुरुजी विशेष जिव्हाळ्याने बोलले. वास्को द गामा कालिकतला पोहोचला १४९८ मध्ये. निकितीन त्याच्या सुमारे तीन दशके आधी चौलच्या किनाऱ्यावर उतरला होता. विकण्यासाठी त्याने बरोबर एक घोडा आणला होता, कारण दख्खनच्या सुलतानांच्या फौजांना परदेशी घोडे लागत आणि ते समुद्रमार्गेच येत. तो चौलहून पालीमार्गे घाट चढून जुन्नरला गेला आणि तेथील खानाने त्याचा घोडा हिसकावून घेतला. रेवदंड्यातील एका शाळेच्या आवारात त्याचे स्मारक उभे आहे. आपण ज्या वाटेने डबा घेऊन शाळेत येतो, त्याच किनाऱ्यावर एक माणूस एवढ्या दूरवरून एक घोडा घेऊन उतरला होता, ही गोष्ट येथील मुलांना रोज दिसते, याचे मला फार अप्रूप वाटले.

त्यानंतर कोट. इथे एक गोष्ट आधी नोंदवली पाहिजे, कारण तिच्याविना पुढचे काही नीट उमगत नाही: पोर्तुगीज काळात चौल नावाची दोन शहरे शेजारी शेजारी नांदत होती. वरचे चौल निजामशाहीचे आणि खालचे, म्हणजे आजचे रेवदंडा, पोर्तुगीजांचे. याच बंदरात १५०८ साली इजिप्तच्या ममलूकांच्या आरमाराशी झालेल्या लढाईत पोर्तुगीज व्हाइसरॉय फ्रान्सिस्को द आल्मेडा याचा मुलगा लोरेन्सो मारला गेला. पुढे निजामशहाच्या परवानगीने १५२१ मध्ये किल्ल्याचे काम सुरू होऊन ते १५२४ मध्ये पूर्ण झाले. ज्याने परवानगी दिली त्याच घराण्यातील मुर्तझा निजामशहाने १५७० मध्ये या शहराला वेढा घातला. त्याच सुमारास आदिलशहा गोव्याला वेढा देऊन बसला होता. शहराभोवती त्या वेळी आजच्यासारखी सलग तटबंदी नव्हती, त्यामुळे घरे आणि मठ यांचेच मोर्चे करून महिनोन्‌महिने लढाई चालली आणि अखेर १५७१ मध्ये वेढा उठला. आज आपण जिला रेवदंड्याचा कोट म्हणतो, त्या भिंतीच्या जाडीत त्या वेढ्याची धास्ती मुरलेली आहे.

ही भिंत गुरुजींनी आम्हांला समुद्राच्या बाजूने, पुळणीवरून दाखवली. येथील वाळू काळसर आहे आणि भिंत जवळजवळ वाळूतूनच वर येते. एके ठिकाणी तट ढासळून त्याचा आतला भाग उघडा पडला आहे. तिथे ते थांबले आणि त्यांनी आम्हांला सांध्यातला चुना बोटाने चाचपून पाहायला सांगितले. बाहेरचे घडीव दगड, आत भरलेले ओबडधोबड दगड आणि या दोहोंना धरून ठेवणारा चुना, त्या चुन्यात नखाएवढ्या शिंपल्यांचे पांढरे तुकडे. किनाऱ्यावरच्याच शिंपा भाजून चुना करायचा, येथलाच दगड फोडायचा आणि येथल्याच माणसांनी तो वाहायचा. नकाशा लिस्बनच्या माणसाने काढला असेल, पण या भिंतीत पाथरवट, गवंडी आणि हमाल यांचे जे आयुष्य गेले ते कोकणातलेच होते. त्यांच्यापैकी एकाचेही नाव कुठल्या दगडावर कोरलेले नाही. मी बराच वेळ तिथे उभी होते.

पाण्याच्या बाजूच्या दरवाजावर मात्र नाव नसले तरी खूण आहे. पोर्तुगालच्या राजाची ढाल तिथे दगडात कोरलेली आहे. खारा वारा आणि पाऊस यांनी तिच्या कडा बोथट झाल्या आहेत, तरी ढालीत बसवलेल्या लहान ढाली तिरप्या उन्हात स्पष्ट ओळखू येत होत्या.

सातखणी मनोऱ्याकडे जाणारी वाट वाड्यांमधून जाते. फ्रान्सिस्कन पंथाच्या मठाचा आणि चर्चचा हा मनोरा. त्याचे वरचे मजले पडले आहेत, तरी उरलेला भाग माडांच्या शेंड्यांशी स्पर्धा करतो, आणि त्याच्या पायथ्याशी जुन्या तोफा पडून आहेत. समुद्रावरून येणाऱ्या तांडेलांना हा मनोरा बंदराची खूण म्हणून दिसत असणार, हे त्याच्याखाली उभे राहून वर पाहिले की लगेच पटते. कोटात जेझुइट, डॉमिनिकन आणि ऑगस्टिनियन पंथांच्या वास्तूंचेही अवशेष आहेत. त्यांतले काही पाहिले, काहींपर्यंत झाडोऱ्यामुळे जाता आले नाही.

माझ्या मनात सर्वांत अधिक भरली ती मात्र एक वाडी. एका पडक्या चर्चच्या उंच भिंतीला लागूनच ती होती. पोफळी, माड, पोफळींवर चढवलेल्या नागवेली आणि मिरवेली, एका कोपऱ्यात जायफळाची दोन झाडे. विहिरीवर आता विजेचा पंप बसला आहे, पण पाणी अजून जुन्याच पाटाने खेळते आणि तो पाट चर्चच्या भिंतीच्या पायाला अगदी खेटून वळतो. भिंतीच्या कमानीखाली सुपारी वाळत घातली होती. तिथे एक काकी सुपाऱ्या सोलत बसल्या होत्या. गुरुजींनी हाक दिली तसे त्यांनी हात न थांबवता म्हटले, "या, बसा. पाणी घ्या आधी, मग काय ते बघा." आम्ही कमानीकडे पाहत होतो आणि त्या आमच्याकडे. ३ जून २०२० च्या निसर्ग वादळात त्यांच्या निम्म्याहून अधिक पोफळी मोडून पडल्या. त्या वेळी लावलेली रोपे आता कुठे धरू लागली आहेत, कारण पोफळीला पहिले पीक यायलाच पाच-सहा वर्षे लागतात. भिंतीचे काही नुकसान झाले का, असे आमच्यातल्या एकाने विचारले. त्या म्हणाल्या, "भिंतीला काय होतंय? तिच्या आडोशाला होत्या तेवढ्याच पोफळी वाचल्या."

या उत्तरानंतर मला या कोटाकडे निराळ्या नजरेने पाहावे लागले. किल्ला म्हटले की आपल्या मनात आधी सह्याद्रीतला गड उभा राहतो, आणि ते योग्यच आहे. पण त्यामुळे किनाऱ्यावरचे हे पोर्तुगीज कोट आपल्याला परके वाटतात, त्यांच्या डागडुजीसाठी कोणी हळहळत नाही, आणि त्यांच्यावर उगवलेले वड-पिंपळ मुळांनी दगड उचकटत राहतात. संभाजी महाराजांनी १६८३ मध्ये या कोटाला वेढा घातला होता, आणि चिमाजी अप्पांच्या वसई मोहिमेनंतर १७४० च्या तहाने कोर्लईसह तो मराठ्यांकडे आला. तेव्हापासून त्याच्या आत आपलीच माणसे राहिली, त्यांनी तिथे विहिरी राखल्या, बागा केल्या, घरे बांधली. त्यांनी येथले दगड घरांना वापरले, असा आक्षेप घेतला जातो. तो खराही आहे, आणि ते थांबले पाहिजे हेही खरे. तरीही वस्ती नसती तर या भिंती कुणाच्या कामाच्या उरल्या नसत्या, आणि कामाची न उरलेली भिंत कोकणच्या पावसात फार काळ उभी राहत नाही. म्हणून या वास्तूंची निगा राखायची असेल तर ती वाडीवाल्यांना बाहेर काढून नव्हे, त्यांना हाताशी धरून, झाडांची मुळे कधी आणि कशी काढायची हे त्यांना शिकवून आणि त्याचा मोबदला त्यांना देऊन राखली पाहिजे, असे माझे ठाम मत झाले आहे. गुरुजी हे काम आपल्या वाडीपुरते स्वतःच करतात: दर वर्षी पावसाळा सरला की भिंतीतली कोवळी पिंपळरोपे उपटायची. जुने झाड ते ओढून काढत नाहीत, कारण त्याच्याबरोबर दगडही येतो. ते वरचेवर छाटत राहतात.

परतताना बाजाराजवळ बेने इस्राएल समाजाचे बेथ एल सिनेगॉग पाहिले. या समाजाचे पूर्वज जहाज फुटून जवळच्याच नवगावच्या किनाऱ्याला लागले, अशी त्यांची परंपरा सांगते. ते तेलाचे घाणे चालवीत आणि शनिवारी काम बंद ठेवीत, म्हणून कोकणात त्यांना शनिवार तेली म्हणत. आता बहुतेक कुटुंबे मुंबईला किंवा इस्राएलला गेली आहेत.

मुंबईचे नाव निघाल्यावर गुरुजी पुन्हा पाण्याकडे वळले. चौलचे रेशमी आणि सुती कापड एके काळी दूरदूरच्या बंदरांत जात असे. सतराव्या शतकात मुंबई इंग्रजांकडे गेली, तिथे मोठ्या जहाजांना खोल आणि निवाऱ्याचे पाणी मिळाले, व्यापाऱ्यांना सवलती मिळाल्या, आणि चौलचे विणकरही तिकडे जाऊन वसले. इथे खाडीच्या मुखाशी गाळ साचत राहिला. दोन चौलांमधली स्पर्धा संपली ती एकाने दुसऱ्याला जिंकून नव्हे. दोघांचाही धंदा उत्तरेला निघून गेला. आता बंदरात मासेमारीच्या होड्या असतात, आणि आम्ही पोहोचलो तेव्हा त्यांच्यातल्या दोन भरतीची वाट पाहत चिखलात कललेल्या होत्या.

उद्या साळावचा पूल ओलांडून कोर्लईला जायचे ठरले आहे. तेथील ख्रिस्ती वस्तीत पोर्तुगीज आणि मराठी यांच्या मिलाफातून झालेली एक बोली अजून घराघरांत बोलली जाते. बोलणारे तिला नो लिंग म्हणतात. गुरुजींचे एक जुने विद्यार्थी त्याच वाड्यात राहतात आणि त्यांच्या आईशी आमची गाठ घालून देणार आहेत. किल्ला चढायचा तर ऊन तापण्याआधी चढा, असे गुरुजींनी बजावले आहे, म्हणून साडेसहालाच निघायचे आहे.