८ तासांचं बीफ

आज सकाळपासून बोटं आखडतील अशी थंडी, म्हणून उठल्या उठल्या स्लो कुकर (मंद आचेवर तासन्‌तास शिजवणारं विजेचं भांडं) काढला आणि बीफ लावून टाकलं. खांद्याचा भाग, किलोभर, चांगले मोठे तुकडे. आधी कोरडे पुसून कढईत कडक तापलेल्या तेलात सगळ्या बाजूंनी लालसर केले, हे मी कधीच टाळत नाही कारण कुकरमध्ये मांस मऊ शिजतं पण भाजल्याचा तो खमंगपणा काही येत नाही, आणि कढईला चिकटलेलं सगळं खरवडून तेही आत. गाजर बटाटे तळाला (ते मांसापेक्षा उशिरा शिजतात), वर मांस, कांदा, लसूण, तमालपत्र, मिरी आणि दोनच कप पाणी. जास्त लागतच नाही, वाफ बाहेर जात नाही ना. लो वर ८ तास.

दुपारी घरभर वास सुटला, झाकण उघडायचा मोह खूप झाला पण नाही उघडलं, एकदा उघडलं की गेलेली उष्णता परत यायला २०-३० मिनिटं जातात. या भागात कोलॅजन (मांस चिवट करणारं प्रथिन) भरपूर, ते हळूहळू विरघळून मऊ, चिकट जिलेटिन होतं, घाई केली की तेच मांस चिवट लागतं.

संध्याकाळी झाकण काढलं तर चष्म्यावर वाफच वाफ. चमचा नुसता टेकवला आणि तुकडा रेषारेषांनी सुटला, रस्सा तर ओठांना चिकटेल असा. मुलीने वाटी अगदी पुसून खाल्ली, खूप बरं वाटलं. थोडं उरलंय, उद्या अजून मुरलेलं असेल.