पिकफर्डांच्या घरी ऑलिव्ह एकटीच

न्यूयॉर्कचे पहिले चार दिवस सगळ्यांचे जातात तसेच गेले. गर्दी, रांगा, रात्री पाय गरम पाण्यात. पाचव्या दिवशी सासूबाईंना घेऊन मी ४ नंबरच्या सबवेने पार शेवटच्या स्टेशनला उतरले, ब्राँक्समधल्या वुडलॉनला. "एवढ्या लांब येऊन स्मशान बघायचं?" असं त्यांनी वाटेत तीनदा विचारलं.

खापर त्या गाइडच्या माथी. ४२व्या रस्त्यावरच्या न्यू अ‍ॅम्स्टरडॅम थिएटरबाहेर त्याने ऑलिव्ह थॉमस या जुन्या नटीच्या भुताची गोष्ट रंगवून सांगितली. तिथले लोक म्हणे निघताना तिच्या फोटोला गुड नाइट म्हणतात. भुताचं मला काही नाही, पण रात्री मी तिच्याबद्दल वाचत बसले. पेनसिल्व्हेनियातल्या गरीब घरातली डफींची पोर. सोळाव्या वर्षी लग्न, मग काडीमोड. १९१४मध्ये न्यूयॉर्कची सर्वांत सुंदर मुलगी ठरली, पुढच्या वर्षी याच थिएटरात झीगफेल्डच्या फॉलीज या नाचगाण्यांच्या कार्यक्रमात. १९१६मध्ये मूकपटात आली आणि १९२०मध्ये संपलीसुद्धा. पॅरिसच्या रिट्झ हॉटेलात रात्री दुसऱ्या नवऱ्याचं औषध प्यायली, मर्क्युरी बायक्लोराइड, पोटात गेलं तर विषच. चौकशीत अपघात ठरला. वय २५.

तिचं थडगं ज्या वुडलॉनला, ते स्मशान ४०० एकरांचं. ऊन मी म्हणत होतं आणि मी शहाणी 'थॉमस' शोधत होते. एका दगडी घुमटीवरून दोनदा पुढे गेलो. सासूबाई शेवटी तिच्याच पायरीवर बसल्या आणि नणंदेने दिलेल्या तिखटमिठाच्या पुऱ्यांचा डबा उघडला. मी मान वर केली तर दारावर मोठ्या अक्षरांत: पिकफर्ड.

जॅक पिकफर्ड हा तिचा दुसरा नवरा, मूकपटांतली गाजलेली नटी मेरी पिकफर्डचा भाऊ. त्याच्या आडनावावर मोठी झाली असं कुणी म्हणू नये म्हणून हिने लग्न लपवून ठेवलेलं. पडद्यावर थॉमसच राहिली, आणि तेही पहिल्या नवऱ्याचं!

"मग तो कुठाय?" सासूबाई.

"कॅलिफोर्नियात पुरलाय, आई. आपल्या माणसांजवळ."

"म्हणजे पाटी त्याची आणि राहते ही."

"आणि पिकफर्ड तरी कुठलं खरं? मूळचे ते स्मिथ."

त्या इतक्या हसल्या की ठसका लागला. पाणी पिऊन झाल्यावर म्हणाल्या, "माझं माहेरचं नाव सिंधू. ताटातल्या तांदळात तुझ्या सासऱ्यांनी मालती लिहिलं. मी बाजूलाच बसलेले, कुणी विचारलंसुद्धा नाही." एकोणीस वर्षं झाली मला या घरात येऊन. सिंधू हे नाव मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं, तेही परक्या थडग्याच्या पायरीवर, हातात पुरी.

तिथे बसून खाल्लं याची नंतर लाज वाटली. पायरीवरचे कण मी रुमालाने पुसले.

परतीच्या गाडीत त्यांचा डोळा लागला असं मला वाटलं, तर मध्येच म्हणाल्या, "अगं, त्या थिएटरातल्या फोटोखाली कुठलं नाव लिहिलंय?"

मी गाइडला विचारलंच नव्हतं.