दाबायच्या आधी लिंक उलगडून बघा
मागच्या आठवड्यात अमळनेरला घरी गेलो होतो. संध्याकाळी ओट्यावर बसल्या बसल्या आप्पांनी मोबाइल पुढे केला, "भाऊ, हाई काय शे? दाबू का?" मेसेज असा की पीएम किसानचा हप्ता अडकलाय, आजच केवायसी करा नाहीतर दोन हजार परत जातील, आणि खाली बिटलीची, म्हणजे लांब पत्ता छोटा करून देणाऱ्या साइटची, एवढीशी लिंक. कापूस वेचणीची मजुरी द्यायचीय, हातात पैसा नाही, अशा वेळी बोट आपोआप जातंच हो, त्यात आप्पांना काय बोलणार.

शॉर्ट लिंक म्हणजे फसवणूकच असं नाही. बिटलीसारखीच टायनीयूआरएल तर २००२ पासून आहे, लांबलचक पत्ता मेसेजमध्ये मावावा म्हणून निघालेली सोय ती. अडचण एकच, आपण जाणार कुठे ते दिसत नाही.

पण बघता येतं! बिटलीच्या लिंकवर टॅप नाही करायचं, बोट दाबून धरून कॉपी करायची, ब्राउझरमध्ये पेस्ट करून शेवटी अधिकचं चिन्ह टाकायचं, म्हणजे साइट न उघडता खरा पत्ता समोर येतो. टायनीयूआरएलला पत्त्यात टायनीयूआरएलच्या आधी प्रिव्ह्यू आणि डॉट टाकायचा. उलगडल्यावर परत दुसरी शॉर्ट लिंकच निघाली तर मी तिथंच सोडून देतो.

आता पत्ता वाचायचा कसा, इथंच शिकलेली माणसंही चुकतात. सुरुवातीचं एचटीटीपीएस आणि त्याच्या दोन तिरप्या रेघा सोडायच्या, मग पुढच्या पहिल्या तिरप्या रेघेच्या लगेच आधी काय आहे ते बघायचं. पीएम किसानची खरी साइट जीओव्ही डॉट इनवर संपते. आप्पांच्या लिंकमध्ये पीएमकिसान होतं, जीओव्ही पण होतं, पण त्यापुढे भलतंच नाव आणि शेवटी डॉट एक्सवायझेड, म्हणजे ती साइट त्या भलत्याचीच, त्याच्या आधीचं सगळं नुसतं दाखवायला.

आणि लिंक उघडल्यावर एपीके, म्हणजे अँड्रॉइड अ‍ॅपची फाइल डाउनलोड व्हायला लागली तर इन्स्टॉल अजिबात करू नका, असली अ‍ॅप एसएमएसची परवानगी मागतात आणि ओटीपी परस्पर तिकडे जातो. झालंच इन्स्टॉल तर आधी नेट बंद करा, दुसऱ्या फोनवरून बँकेला सांगून खातं थांबवा, लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा. लाजेपायी रात्र घालवू नका, पैसे पुढच्या खात्यांत सरकायच्या आत तक्रार गेली तर ते अडवता येतात.

आप्पा आता काहीही आलं की आधी मला फॉरवर्ड करतात. परवा पारोळ्याच्या पाहुण्यांकडून लग्नपत्रिका आली, फाइलच्या नावाच्या शेवटी एपीके. आप्पांनीच त्यांना फोन लावला. त्यांच्या घरात लग्नच नव्हतं, आणि त्यांच्या नंबरवरून सगळ्या भाऊबंदांना पत्रिका गेलेली.